हक्क आहे, जागा नाही

देवळाच्या वाटेवर पाटी घेऊन बसलेल्या बाईकडून अबोलीच्या दोन फाती घ्यावयाच्या, आणि त्याच आठवड्यात रस्ता मोकळा करावा म्हणून पालिकेकडे जाणाऱ्या अर्जावर सही करावयाची, ही दोन्ही कृत्ये एकच सद्गृहस्थ निर्मळ मनाने करीत असतो. त्यास ढोंगी म्हणण्याची आमची इच्छा नाही. वाट चालणाऱ्याची असते आणि पोटासाठी बसलेल्यास उठवू नये, या दोन्ही गोष्टी तो खऱ्याच मानतो. दोन्ही खऱ्या असतील, तर माघार कोणी घ्यावी?

१९८५ साली मुंबईच्या फेरीवाल्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, जनतेस उपद्रव होईल अशा रीतीने व्यापार करण्याचा हक्क कोणासही नाही. १९८९ साली सोदान सिंग यांच्या प्रकरणात त्याच न्यायालयाने रस्त्याच्या कडेला धंदा करणे हा घटनेच्या १९ व्या अनुच्छेदातील हक्क होय, हे मान्य केले. मात्र त्यावर वाजवी निर्बंध घालता येतात आणि अमुकच जागा मला हवी असे कोणास म्हणता येणार नाही, असेही बजावले. वकील या नात्याने या भेदात आम्हांस दोष दिसत नाही. पण त्या फुलवालीस तो कसा दिसेल? कापडाचे दुकान अर्ध्या कोसावर नेले तरी गिऱ्हाईक शोधीत येते. दर्शनास निघालेला मनुष्य फुलांच्या पाटीसाठी वाट वाकडी करीत नाही, आणि जाईच्या कळ्या उद्यापर्यंत थांबत नाहीत. तिचे खरे भांडवल फुले नव्हेत, ती पायरीजवळची हातभर जागा होय. ती काढून घेऊन हक्क शाबूत आहे असे सांगणे, यात तर्क आहे, न्याय कितपत आहे?

पथविक्रेत्यांविषयीच्या २०१४ च्या अधिनियमाने ही अडचण ओळखली, हे त्याचे श्रेय. घेणारे व विकणारे जेथे परंपरेने जमतात त्या ठिकाणास त्याने नैसर्गिक बाजार म्हटले. पन्नास वर्षांहून अधिक चाललेला असा बाजार वारसा म्हणून घोषित करावा व तेथील विक्रेत्यांस हलवू नये, असे ठरविले. पाहणी होऊन प्रमाणपत्रे मिळेपर्यंत कोणास उठवावयाचे नाही. पुढे उठवावयाचे झाल्यास तीस दिवसांची सूचना हवी. जप्त केलेला नाशवंत माल मागणी होताच त्याच दिवशी परत द्यावयाचा. नगर पथविक्रय समितीत निदान चाळीस टक्के सभासद विक्रेत्यांनीच निवडून द्यावयाचे असून त्यांत एक तृतीयांश स्त्रिया असावयाच्या. कागदावर याहून अधिक काय मागावे!

परंतु हा कायदा शहरांसाठी आणि नगरांसाठी केलेला आहे. आमची कितीतरी देवस्थाने खेड्यांत आहेत. तेथे आवारातील जागा महाजनांच्या ताब्यात, बाहेरचा रस्ता पंचायतीचा किंवा सरकारचा, आणि खाजेवाला बसतो तो नेमका सीमेवर. जत्रेत जागांची पावणी होते तेव्हा देवस्थानास उत्पन्न मिळते, हे खरे. तथापि पिढ्यान्‌पिढ्या त्याच वडाखाली बसणाऱ्यास बाहेरच्या धनवान बोलीपुढे हार खावी लागली, तर ती जागा वहिवाटीची की पैशाची, हे महाजनांनी एकदा मोकळेपणी ठरवावयास हवे.

रस्ता अडतो ही तक्रार खोटी नव्हे. काठी टेकीत येणाऱ्या म्हाताऱ्या आजीस मधोमध मांडलेल्या पाट्यांतून वाट काढावी लागते, आणि ती अर्ज करीत नाही. पालखी निघाली की मात्र हेच विक्रेते न सांगता पाट्या उचलतात, पालखी गेली की पुन्हा मांडतात. अधिनियमातही वेळा वाटून जागा देण्याची सोय आहे. विक्रेत्याने ठरलेली वेळ संपताच माल उचलावयाचा असतो. म्हणजे पालखीच्या दिवशी जे आपोआप घडते, तेच रोज सकाळच्या गर्दीपुरते घडवून आणणे अशक्य नाही.

आणखी एक. देवळापुढे उभी केलेली एक मोटार चार पाट्यांहून अधिक जागा खाते. अतिक्रमणाच्या अर्जात तिचा उल्लेख आम्हांस अजून आढळलेला नाही. पुढचा अर्ज लिहिणाऱ्याने पाट्यांबरोबर मोटारीही मोजाव्या, आणि सही करणाऱ्यांपैकी किती जणांनी आपली गाडी तेथेच लावली होती, तेही खाली लिहावे.