पोटावरच्या रेघा

भाचीचा तो फोटो मी पहिल्यांदा पाहिला तो बस्तीच्या पायरीवर, दुसऱ्याच एका बाईंच्या मोबाईलवर. अष्टान्हिकातली पूजा आटोपून आम्ही चौघीजणी बसलो होतो. त्यांनी मोबाईल माझ्यापुढं धरला आणि हळू आवाजात विचारलं, "आक्का, ही तुमची भाचीच काय?"

होती. बाळंत होऊन दोन महिने झालेली. कुर्ता वर धरलेला, पोट सैल पडलेलं, त्यावर जांभळट रेघा. कोपऱ्यात बाळाचा इवलासा हात. खाली लिहिलं होतं, नऊ महिने या पोटानं बाळ सांभाळलं, आता मला ते आरशात बघवत नाही, पण आहे हे असं आहे.

"बारा भावनांत आपण रोज म्हणतो देह अशुचि आहे म्हणून, आणि ही पोरगी तोच जगाला दाखवत बसलीय," त्या बाई म्हणाल्या. "तुम्ही मावशी ना? तुम्हीच सांगा तिला चार शब्द."

मी म्हटलं, "सांगते."

घरी येऊन फोन हातात घेतला, पण लावता येईना. त्या रेघा माझ्या ओळखीच्या होत्या.

माझं पहिलं बाळंतपण 1985 सालातलं. माहेरी तेल लावून न्हाऊ-माखू, शेकशेगडी, अळिवाची खीर, डिंकाचे लाडू, जुन्या सुती लुगड्यानं पोट घट्ट बांधणं, सगळं झालं. कशात काही कमी पडलं नाही. पण पोटावरच्या त्या रेघांबद्दल कुणी चकार शब्द काढला नाही. मीच एकदा घाबरत विचारलं, तर उत्तर मिळालं, "खाजवलं असशील." म्हणजे माझंच चुकलं. पुढं कितीतरी महिने मी उजेडात कपडे बदलले नाहीत.

आता कळतं की पोट वाढताना कातडी ताणली जाते, शरीरातल्या संप्रेरकांचाही त्यात वाटा असतो, आणि बहुतेक गर्भार बायकांना या रेघा उठतात. आधी तांबूस-जांभळ्या असतात, मग हळूहळू फिकट होतात. खाजवल्यानं त्या येत नाहीत, आणि तेल चोळल्यानं टळतात याला भक्कम पुरावा नाही. गर्भाशय पूर्वीच्या आकाराला यायलाच साधारण सहा आठवडे लागतात, मग पोट चार दिवसांत कसं आत जाईल? एवढी साधी माहिती. ती त्या वेळी कुणी दिली असती तर माझे कितीतरी महिने वाचले असते.

पुढं वीस वर्षांनी सासूबाई अंथरुणाला खिळल्या. त्यांचं अंग पुसण्याचं काम माझ्याकडं आलं. पहिल्याच दिवशी पाहिलं, त्यांच्या पोटावर तशाच रेघा, चांदीच्या तारेसारख्या झालेल्या. सहा बाळंतपणांच्या. वीस वर्षं आम्ही एका घरात राहिलो, एका चुलीवर रांधलं. त्यांनी मला सांगितलं नाही, मीही त्यांना विचारलं नाही. त्यांना दोष देत नाही. त्यांनाही कुणी सांगितलेलं नव्हतं. पण मौनसुद्धा इजा करतं, हे मला त्या दिवशी समजलं.

मग आमच्यात गर्भारपण असं उघड मिरवत नाहीत, या म्हणण्याचा मी विचार करू लागले. खरंच मिरवत नाही का आपण? पंचकल्याणक पूजेत पहिलं गर्भकल्याणकच असतं. भर मंडपात तीर्थंकरांच्या मातेची सोळा स्वप्नं दाखवतात, मातेचा मान मिळावा म्हणून बोली लागते. गर्भारपणाला आपण देव्हाऱ्यात बसवलेलं आहे. फक्त पुराणांतल्या त्या मातेला गर्भाचा भार जाणवत नाही, त्रास होत नाही. श्वेतांबरांच्या कल्पसूत्रात मात्र गर्भाची हालचाल थांबली म्हणून त्रिशलामाता शोकात बुडते, असा प्रसंग आहे. आमच्या दिगंबर परंपरेत तो सांगत नाहीत, पण मला तो फार जवळचा वाटतो. त्यात एका आईची भीती लपवलेली नाही.

बाहेरच्या जगातही तीच तऱ्हा. 1991 साली डेमी मूर ही सात महिन्यांची गर्भार अभिनेत्री अमेरिकेतल्या 'व्हॅनिटी फेअर' मासिकाच्या मुखपृष्ठावर विवस्त्र झळकली, तेव्हा काही दुकानदारांनी तो अंक कागदात गुंडाळून विकला. आज तसली गुळगुळीत पोटं मोबाईलवर रोज दिसतात, कुणी दचकत नाही. माझ्या भाचीच्या फोटोला मात्र सगळ्या दचकल्या. म्हणजे आपल्याला पोट खुपत नाही, त्यावरच्या रेघा खुपतात.

राहिली अशुचि भावना. ती आपल्याला शिकवली ती स्वतःच्या देहाचा मोह सुटावा म्हणून. दुसरीच्या देहाला नाक मुरडावं म्हणून नव्हे. किळस, म्हणजे जुगुप्सा, हासुद्धा मोहाचाच एक प्रकार, एक नोकषाय आहे. अशुचि भावना भावताना माझ्या मनात दुसरीबद्दल तिरस्कार येत असेल, तर मी ती उलटी धरली आहे.

इथवर आल्यावर भाचीची बाजू पक्की झाली असं मला वाटलं. पण तसं नव्हतं. आमच्याच नात्यात एक मुलगी आहे, जिचा गर्भ तिसऱ्यांदा राहिला नाही. तिला विचारलं तर म्हणाली, "मावशी, तिचा राग नाही गं. पण मला ते बघवत नाही, म्हणून मी बंद करून ठेवलंय." भाचीचं खरं बोलणं हिला लागलं होतं. शिवाय ज्या बाळाचा हात कोपऱ्यात दिसत होता, त्याला कुणी विचारलं होतं? आणि मैत्रिणींसाठी टाकलेला फोटो आमच्या बस्तीच्या पायरीपर्यंत आलाच की.

अनेकान्ताचा अर्थ आपण फार सोयीनं घेतो. तुझंही बरोबर, हिचंही बरोबर, आणि मी मोकळी. पण तो तेवढ्यावर थांबत नाही. कोणत्या अपेक्षेनं बरोबर, हे तो विचारायला लावतो. त्यासाठी द्रव्य, क्षेत्र, काल आणि भाव या चार बाजूंनी गोष्ट तपासायची असते. काय दाखवलं, कुठं, केव्हा आणि कोणत्या भावानं.

आपल्या आज्या हे पोथी न वाचता जाणत होत्या. सुरुवातीच्या महिन्यांत आई लेकीला गुपचूप हिरवी चोळी द्यायची, ती चोरचोळी. आमच्या कन्नड शेजारणी तिला कळ्ळ कुबसा म्हणतात. पुढं सातव्या महिन्यात डोहाळजेवण, तेव्हा सगळ्या गल्लीला आमंत्रण. आधी एकीला सांगायचं, मग सगळ्यांना. क्षेत्र आणि काल त्यांनी किती नेमके बांधले होते! फक्त बाळंतपणानंतर बाईच्या देहाबद्दल बोलायची एकही पायरी त्यांनी ठेवली नाही. तिथं एक रिकामी जागा राहिली, आणि आता मोबाईल तिथं येऊन बसला आहे.

राहिला भाव. उमास्वामींनी तत्त्वार्थसूत्रात परिग्रह वस्तूत नव्हे, मूर्च्छेत, म्हणजे आसक्तीत सांगितला आहे. किती जणींनी वाहवा केली हे दर पाच मिनिटांनी मोजत बसणं हाही परिग्रहच. पण भाचीच्या मनात तो होता की नव्हता, हे मी कशी सांगणार? तो हिशेब तिचा तिनं करायचा. मला हिशेब द्यायचा होता तो माझ्या "सांगते"चा. आपल्याकडं कर्म तीन तऱ्हांनी बांधलं जातं, कृत, कारित आणि अनुमोदना. फोटो फिरवला दुसरीनं, नावं ठेवली तिसरीनं, पण मान हलवून अनुमोदना दिली ती मी.

रात्री फोन लावला. पायरीवर काय झालं ते जसंच्या तसं सांगितलं. ती जरा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "काढून टाकू का मावशी?"

"ते तुझं तू ठरव. बाळाला तेवढं फोटोत घेऊ नकोस. आणि ती आपली दुसरी पोर आहे ना, तिला एकदा फोन कर. फोटोबद्दल बोलू नकोस, नुसती चौकशी कर." मग, इतक्या वर्षांत कुणाला सांगितलं नव्हतं ते तिला सांगितलं. "माझ्याही पोटावर आहेत त्या. तुझ्या आजीसासूच्याही असतील बघ."

"तुला पण?" ती म्हणाली. "मग आधी का नाही सांगितलंस? मी कशाला तिथं जाऊन लिहिलं असतं?"

यावर माझ्याकडं उत्तर नव्हतं. माझ्या बाळंतपणाला चाळीस वर्षं होत आली आणि मी अजून मनातल्या मनात सासूबाईंनाच विचारत होते की तुम्ही का नाही सांगितलंत.

तुमच्या घरी कुणी गर्भार असेल, बाळंतीण असेल, तर डिंकाच्या लाडवांबरोबर तिला हेही सांगा. न्हाणीघरात, दार लावून, तुम्ही दोघीच असताना. मग तिला जगाला काही दाखवायचं असेल तर दाखवू दे, नसेल तर नको. पण आपल्या देहाचं काय चाललंय हे विचारायला तिला मोबाईलकडं जावं लागू नये.