कॉक फिरता ठेवा



आजचं चिंतन : श्रीमद्भगवद्गीता, अध्याय २, श्लोक ५८ आणि ५९

स्थितप्रज्ञ कसा असतो, असं अर्जुन विचारतो आणि उत्तर देताना भगवंत कासवाचं उदाहरण देतात. कासव जसं आपले अवयव सगळीकडून आत ओढून घेतं, तसं ज्याला इंद्रियं विषयांपासून आवरता येतात, त्याची बुद्धी स्थिर झाली म्हणायची. हे वाचलं की आपण घाबरतो, म्हणजे आता सगळंच सोडायचं की काय! पण कासव काही जन्मभर कवचात बसून राहत नाही. ते चालतं, खातं, पोहतं. वेळ आली की त्याला अंग आत घेता येतं, एवढंच.

मला हा श्लोक मागच्या आठवड्यात आमच्या प्लंबर काकांमुळे जास्त कळला. रात्री फ्लशच्या टाकीचा कनेक्शन पाइप फुटला आणि बाथरूमचा मेन कॉक काही केल्या फिरेना. भाऊ गच्चीवर धावला, टाकीचा व्हॉल्व्ह बंद करून आला. तोवर खालच्या घराचं छत ठिबकायला लागलं होतं.

सकाळी काकांनी आधी वरून पाणी बंद केलं, नळ सोडून लाइनीत उरलेलं पाणी काढून टाकलं. मग पान्ह्याने कॉक खोलून स्पिंडल बाहेर काढला. आट्यांवर बोअरच्या पाण्याचा पांढरा क्षार घट्ट बसलेला आणि टोकाचा रबरी वॉशर कडक होऊन चिरलेला. काका म्हणाले, "हा वर्षानुवर्षं उघडाच आहे. कधी फिरवतच नाही कुणी. मग पाहिजे तेव्हा कसा फिरणार?"

आपलंही असंच होतं ना? रात्री एक वाजता फोन खाली ठेवणं, ग्रुपवर कुणी टोचून बोललं तर टाइप केलेलं उत्तर न पाठवणं, हे वेळ आल्यावर जमेल असं आपण धरून चालतो. पण क्षार रोज थोडा थोडा बसत असतो. म्हणूनच सहाव्या अध्यायात (श्लोक ३५) भगवंत मन आवरायला वैराग्याबरोबर अभ्यास सांगतात. अभ्यास म्हणजे पुन्हा पुन्हा करणं. आजीच्या एकादशीकडे मी आता वेगळ्या नजरेने बघते. समोर भरलेलं ताट असतं, भूकही असते आणि ती शांतपणे नको म्हणते. पंधरा दिवसांतून एकदा ती आपला कॉक फिरवून बघते!

आता वॉशरचं. चावी पूर्ण फिरली, पण वॉशर गेलेला असेल तर पाणी ठिबकतच राहतं. ५९वा श्लोक नेमकं हेच सांगतो : विषय बाहेरून सुटले तरी त्यांची गोडी आत राहते आणि ती परमात्म्याच्या दर्शनानेच जाते. फोन कपाटात ठेवला, मन मात्र कपाटापाशीच घुटमळतंय. अशा वेळी चावीवर आणखी जोर लावून काय होणार? आतला वॉशरच बदलायला हवा. आपल्यासारख्यांना त्यासाठी नामासारखं सोपं साधन नाही. तोंडाला आणि मनाला ती गोडी लागली की जुनी गोडी हळूहळू सुटते.

काकांनी बैठकीवरचा क्षार घासून काढला, नवा वॉशर बसवला, स्पिंडलभोवती टेफ्लॉनचा दोरा गुंडाळून ग्लँडचा नट आवळला. मी म्हटलं, अजून घट्ट करा की. तर म्हणाले, "थेंब थांबेल इतकंच. जास्त आवळलं तर चावीच फिरणार नाही." मला सहाव्या अध्यायातला १७वा श्लोक आठवला. आहार, विहार, झोप, जागरण, सगळं बेताचं. साधनाही इतकी आवळू नये की चार दिवसांत माणूस जाम होईल.

आजची साधना : आवडीची एकच गोष्ट निवडा. चहा, रील्स, काहीही. हवीशी वाटली की दहा मिनिटं थांबा, तेवढा वेळ नाम घ्या. मग खुशाल घ्या. मोठी वेळ आलेली नसतानाच हे करायचं.

आणि हो, घरातला मेन कॉक कुठे आहे ते आजच बघा, सगळ्यांना दाखवून ठेवा. महिन्यातून एकदा बंद-चालू करा. फिरत नसेल तर जोर लावू नका, प्लंबरला बोलवा. खालच्या घरात पाणी जाऊ न देणं हीसुद्धा सेवाच आहे.

राम कृष्ण हरी 🙏