कंठ फुटण्याआधी

"आजी, हे केवढं आहे?"

शेजारच्या मुलानं चपलांचा खोका माझ्यापुढे धरला. आत बनियनच्या चिंधीवर कवड्याचं पिल्लू होतं. पुस्तकात ज्याला ठिपकेवाला होला म्हणतात, तो आमच्याकडे कवडा. मुलाच्या दुसऱ्या हातात ड्रॉपर आणि वाटीत कालवलेला दूधपाव. मी आधी ती वाटी काढून घेतली. नोकरीच्या पहिल्या वर्षी क्वार्टरच्या वळचणीतून पडलेल्या अशाच एका पिल्लाला मी चमच्यानं दूध पाजलं होतं. सकाळी ते कडक झालेलं सापडलं. कवड्याचं पिल्लू चिमणीच्या पिल्लासारखा आ वासत नाही. ते आपली चोच आईबापाच्या चोचीत खुपसून ओढून घेतं. वरून थेंब टाकला की तो श्वासनळीत जातो. हे मला फार उशिरा कळलं.

रायगड जिल्ह्यात प्राथमिक आरोग्य केंद्रांवर मी नर्सबाई म्हणून आयुष्य काढलं. 'केवढं आहे' हा प्रश्न माझ्या रोजच्या कामाचा होता. बाईला विचारावं, शेवटची पाळी कधी आली होती? ती सांगणार, गौरी बसल्या त्याच्या आधी. किंवा भात लावणीत. मग बाळ झाल्यावर त्यालाच विचारावं लागे. तळवा बघायचा. पुऱ्या दिवसांच्या बाळाच्या तळव्यावर टाचेपर्यंत रेघा असतात, अपुऱ्या दिवसांच्या बाळाला त्या बोटांकडच्या भागातच, आणि फारच लवकर आलेल्याचा तळवा गुळगुळीत. कानाची पाळी दुमडून सोडायची. दिवस भरलेले असले तर ती टपकन जागेवर येते, नाहीतर दुमडलेली तशीच राहते. पाठीवरची लव बघायची. शेफील्डच्या डुबोविट्झ नवराबायकोनं 1970 साली या खुणांना गुण देण्याचा तक्ता छापला, असं आम्हाला ट्रेनिंगमध्ये सांगितलं होतं. आमच्या केंद्रावर तक्ता नव्हता, तळवे होते.

तीच सवय कामाला आली. पिल्लू तळहातावर घेतलं. डोळे उघडे. म्हणजे चार-पाच दिवसांच्या पुढचं. अंड्यातून येतं तेव्हा ते आंधळं असतं, काळपट कातडीवर मक्याच्या केसांसारखी विरळ पिवळी लव. मग कातडीखालून खुंट वर येतात, दोन दिवसांच्या दाढीसारखे. आठवड्याच्या सुमाराला त्या खुंटांच्या नळ्या होतात. वाढत्या पिसात रक्त खेळत असतं, म्हणून त्या निळसर दिसतात. नंतर नळीचं टोक फुटतं आणि आतलं पीस रंगाच्या कुंचल्यासारखं बाहेर डोकावतं. माझ्या हातातल्या पिल्लाचे पंखावरचे कुंचले नुकते सुटले होते, पाठीवरचे अजून बंद होते. पंख उचलला तर खाली सगळं उघडं, ऊन ऊन पोट. डोक्यावर पिवळी लव उभी.

"आठ दिवसांचं," मी म्हटलं. "एखादा दिवस इकडे तिकडे."

"तू बघितलंस का ते अंड्यातून येताना?"

नव्हतं बघितलं. त्याचं म्हणणं वकिलासारखं बिनतोड होतं. मी जे सांगितलं ते पिल्लाचं वय नव्हतंच. आठ दिवसांचं निरोगी पिल्लू असं दिसतं, एवढंच मी सांगितलं. दोन दिवस पाऊस लागला, चारा कमी पडला, की अंगातलं वय मागे राहतं आणि दिवस पुढे जातात. शिवाय मोजायचं कुठून? अंडं घातल्यापासून की फुटल्यापासून? आपण पाखराला द्विज म्हणतो, दोनदा जन्मलेला. मग पहिल्या जन्माचे ते दोन आठवडे कोणाच्या खात्यावर?

आमच्या गावात अर्ध्या म्हाताऱ्यांचा वाढदिवस 1 जूनला असतो. शाळेत नाव घालताना गुरुजींनी पोराकडे एकदा वर-खाली बघितलं आणि तारीख टाकली. माझे यजमानही 1 जूनचेच होते. सासूबाई मात्र सांगायच्या, कोयनेचा भूकंप झाला तेव्हा हा मिसरूड फुटलेला होता. डिसेंबर 1967. गुरुजींची तारीख निवृत्तीपुरती खरी ठरली. सासूबाईंची खूण घरात चालली.

ही सगळी हकिकत मी माझ्या मैत्रिणीला फोनवर सांगितली. ट्रेनिंगला आम्ही एका खोलीत होतो. ती नवगावकडची बेने इस्राएल, म्हणजे कोकणातली ज्यू. पूर्वी गावात त्यांना शनवार तेली म्हणत, कारण त्यांचे घाणे शनिवारी बंद. आता ती अशदोदला असते, पण सिनेगॉगला अजून मशीदच म्हणते आणि माझ्याशी भांडते अलिबागच्या मराठीत. तिचा नवरा संध्याकाळी तालमुदाच्या, म्हणजे ज्यू धर्मशास्त्राच्या, अभ्यासाला बसतो. ती म्हणाली, "अगं, तुझ्या पोरानं विचारलं तेच आमच्या लोकांनी विचारून ठेवलंय."

जेरुसलेमचं मंदिर उभं होतं तेव्हा बाळंतिणीनं ठरावीक दिवस भरले की अर्पण न्यायचं असे. कोकरू आणि एक पक्षी. ऐपत नसेल तर दोन होले, नाहीतर पारव्याची दोन पिल्लं. गरिबाघरच्या बाळंतिणीचा हा हिशेब ऐकून मला सवलतीचे फॉर्म भरणाऱ्या माझ्या बायका आठवल्या. येशूच्या आईनंही पक्ष्यांचीच जोडी नेली होती, असं लूकच्या शुभवर्तमानात आहे. पण त्यात मेख अशी, की होला हवा वाढलेला आणि पारवा हवा कोवळा. मग होला मोठा कधी झाला आणि पारवा कोवळा कधीपर्यंत राहिला? इसवी सन 200च्या सुमारास संकलित झालेल्या मिश्ना या ज्यू नियमसंग्रहात याचं उत्तर पिसांच्या रंगावर दिलंय. पिवळेपणा यायला लागला की पारव्याचं पिल्लूपण गेलं, पण होल्याचं मोठेपणही अजून आलं नाही. त्या मधल्या दिवसांत दोन्ही पक्षी बाद. हा रंग गळ्याभोवतीच्या पिसांचा, असं जुने भाष्यकार सांगतात. त्यापुढे तालमुदात आणखी एक खूण आहे: पारव्याचं पिल्लू फारच कोवळं असलं तरी चालत नाही. पीस उपटलं की रक्त यायला हवं, तेवढं तरी वाढलेलं हवं. त्या निळसर नळ्या कोणीतरी फार जवळून बघितल्या होत्या.

मंदिर इसवी सन 70 मध्ये रोमनांनी पाडलं. म्हणजे ही चर्चा चालू होती तेव्हा पक्षी नेण्याची जागाच उरली नव्हती. तरी माणसं पिसांचा रंग बघत होती. मला यात हसण्यासारखं काही वाटलं नाही. मी स्वतः अशा बाळांचे दिवस मोजले आहेत, ज्यांना संध्याकाळ दिसणार नाही हे मला माहीत होतं.

खरी गोष्ट पुढे आहे. रब्बी झेइरांनी विचारलं: एकानं नवस केला, मी होला आणीन नाहीतर पारव्याचं पिल्लू. आणि त्यानं दोन्ही आणले, दोन्ही नेमके पिवळेपणा सुरू झालेले. नवस फिटला का? ही मधली अवस्था म्हणजे नुसता आपला संशय असेल, तर फिटला. कारण हे वय खरोखर एकतर मोठेपणात मोडतं, नाहीतर कोवळेपणात. मोठेपणात मोडत असेल तर होला चालला, कोवळेपणात असेल तर पारवा. कुठला ते आपल्याला कळत नाही एवढंच. पण मधली अवस्था ही स्वतःच एक वेगळी जात असेल, ना मोठी ना कोवळी, तर दोन्ही पक्षी फुकट.

हा प्रश्न मी रात्रभर घोळवला. आम्ही वापरतो ते सगळे शब्द संशयाचे आहेत. अंदाजे. एखादा दिवस इकडे तिकडे. ना धड पिल्लू, ना धड पाखरू. जणू आत कुठेतरी नक्की आकडा आहे आणि आपली नजर कमी पडते. पण मी ज्या चौतीस आठवड्यांच्या बाळांना कांगारूसारखं आईच्या छातीशी बांधलं, ती बाळं अर्धवट नव्हती. त्यांचं अंग त्या आठवड्यापुरतं पूर्ण होतं. फक्त ते अंग एकट्यानं जगण्यासाठी केलेलं नव्हतं. मी झेइरांच्या दुसऱ्या पर्यायाकडे आहे. ती वेगळी जात आहे. आणि तिला काय लागतं ते लहानाच्या यादीत मिळत नाही, मोठ्याच्या यादीतही नाही.

कवड्याला हे कळतं, किंवा त्याच्या अंगाला कळतं. पहिले काही दिवस आईबापाच्या गळ्यातल्या अन्नपिशवीच्या अस्तरापासून दाट, दह्यासारखं दूध तयार होतं. बापाच्याही. त्यामागचं संप्रेरक प्रोलॅक्टिन, आम्ही बाळंतिणीच्या संदर्भात शिकलो तेच. मग दुधात भिजलेलं बी मिसळायला लागतं, दूध कमी होत जातं, शेवटी नुसतं बी. त्या फेरफाराला तारीख नसते.

आमचे मामंजी चातुर्मासात एकनाथी भागवत वाचायचे. अकराव्या स्कंधात अवधूत यदुराजाला आपले चोवीस गुरू सांगतो, त्यात एक कपोत आहे. पारधी जाळं टाकतो, पिल्लं सापडतात, आई त्यांच्यामागे झेपावते, बाप तिच्यामागे. आसक्तीनं घर बुडालं. मामंजी इथे चष्मा काढून आमच्याकडे, म्हणजे सुनांकडे बघायचे. तेव्हा मी मान खाली घालून तांदूळ निवडत असे. आता मला त्या गोष्टीत दुसरंच दिसतं. ती पिल्लं घरट्यात नव्हती. पंख फुटून घरट्याच्या आसपास हिंडत होती. म्हणजे नेमकी त्या मधल्या वयाची: बाहेर पडण्याइतकी मोठी, जाळं ओळखण्याइतकी नाही. त्या वयातल्या पिल्लासाठी चारा आणायला गेलेल्या आईबापांचं चुकलं काय? आई जाळ्यात गेली ती आंधळी होऊन, हे मी मान्य करीन. बाप तर जाणूनबुजून गेला, तेही. पण मुळात त्यांनी पिल्लांना धरून ठेवलं म्हणून घर बुडालं, असं गोष्टीत कुठेच नाही. मामंजींना हे विचारायचं धाडस मला झालं नाही, आणि आता ते नाहीत.

पिल्लाचं काय केलं ते सांगायचं राहिलं. माणसाचा हात लागला की आई पिल्लू टाकते, असं मुलाच्या आईचं म्हणणं. मीही लहानपणापासून तेच ऐकलेलं. खरं नाही ते. घरटं आंब्यावर होतं, म्हणजे चार काटक्या, खालून आभाळ दिसेल असं. वाऱ्यानं अर्धं ओघळलेलं. मुलाला शिडीवर चढवून त्याच फांदीला एक लहान टोपली बांधली, तळाला पाणी निथळायला भोकं होती, वर सुकं गवत. पिल्लू आत ठेवलं आणि आम्ही दोघं पडवीत बसलो. पाऊण तास काही नाही. मुलगा तीनदा म्हणाला, आजी, तुझं चुकलं. मग एक कवडा फांदीवर उतरला, टोपलीकडे मान वाकडी करून बघत राहिला, आणि टोपलीतून बारीक चिरका आवाज आला.

सहाव्या दिवशी पिल्लू कपड्यांच्या दोरीवर येऊन बसलं. पिसं सगळी आलेली, डोक्यावर लवेचे दोन-तीन पिवळे धागे राहिलेले, मान एकरंगी तपकिरी. मोठ्या कवड्याच्या मानेवर काळ्यावर पांढऱ्या ठिपक्यांचा पट असतो, तो अजून नव्हता. पोपटाला गळ्याभोवती पट्टी आली की आपण म्हणतो कंठ फुटला. पोराचा आवाज बदलला तरी तेच म्हणतो.

मी फोटो काढून अशदोदला पाठवला. तिच्या नवऱ्याचं उत्तर आलं, तिच्या अक्षरांत: "हे विचारतायत, मानेला रंग आला का?"

नाही, मी लिहिलं. तेवढ्यात पिल्लू खाली उतरलं, अंगणात सांडलेल्या कण्या त्यानं स्वतः टिपल्या, चांगल्या पाच-सहा. मग मोठा कवडा आला तसं ते पंख थरथरवत त्याच्याकडे धावलं आणि चोच त्याच्या चोचीत खुपसली.

"आजी, आता केवढं आहे?" मुलानं विचारलं.