खापर पशूच्या माथी

मराठी वर्तमानपत्रात ‘पाशवी’ हे विशेषण दोन ठिकाणी हमखास भेटते. एखाद्या मुलीवर अत्याचार झाला की मथळ्यात, आणि एखाद्या पक्षाने संख्येच्या जोरावर सभागृहात कायदा रेटला की अग्रलेखात. पाशवी अत्याचार आणि पाशवी बहुमत. मी परभणीच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात शिकले आणि पैठण, फुलंब्री, सिल्लोड या तालुक्यांतल्या सरकारी दवाखान्यांत नोकरी केली. दवाखान्याच्या पाटीवर ‘पशू’, खात्याच्या नावात ‘पशू’, पावतीपुस्तकावर ‘पशू’. त्यामुळे हा शब्द आला की माझी नजर तिथे अडते. मला वाटते, हा नुसता भाषेचा प्रश्न नाही. माणसाने केलेले पाप कुणाच्या खात्यावर मांडायचे, असा तो धर्माचा प्रश्न आहे.

आपली सवय पाहा. स्तुती करायची तर आपण एकेक प्राणी निवडून घेतो. शूराला छावा म्हणतो, श्रेष्ठाला नरपुंगव म्हणतो (पुंगव म्हणजे बैल), सुंदरीला मृगनयनी. निंदेलाही गाढव आणि डुक्कर आहेतच. पण सर्वांत मोठी, तोंडातून शब्द फुटू नये अशी निंदा करायची वेळ आली, की एकाही प्राण्याचे नाव घेत नाही. शेळी, बैल, ससा, हत्ती अशा सगळ्यांना मिळून एकदम आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करतो.

जनावरे साधुसंत असतात, असे मी म्हणणार नाही. गाय दुसऱ्या गाईच्या वासराला शिंगाने ढोसते. दौलताबादच्या घाटात जी वानरे आपण कौतुकाने पाहतो, त्यांच्या जातीत टोळीवर नवा हुप्प्या आला की तो आधीच्या नराची पिले मारतो. अभ्यासकांनी हे भारतात ठिकठिकाणी नोंदवले आहे. रानकुत्री सावज पुरते मरायच्या आतच खायला लागतात. मीही लाथा खाल्ल्या आहेत, शिंगे चुकवली आहेत. पण जनावर मारते ते भुकेने, भीतीने, माजाने, कळ असह्य झाली म्हणून, पिलासाठी. उद्या कुणाला कसे छळायचे याचा आज बेत करणे, छळाचे मोबाइलवर चित्रीकरण करून मित्रांना दाखवणे, साक्षीदाराला धमकावणे, एखाद्या वस्तीला धडा शिकवायचा म्हणून तिथली एक मुलगी निवडणे, यातले काहीही लांडग्याला जमत नाही आणि सापालाही जमत नाही. त्याला भाषा लागते, हिशेब लागतो, कल्पनाशक्ती लागते, चार जणांचे संगनमत लागते. या सगळ्या माणसाच्या शक्ती आहेत. बहुमताचेही तेच. डोकी मोजून निर्णय घेणे ही माणसाने शोधलेली रीत. ती वाकवली तर वाकवणाराही माणूसच.

शाळेत आमच्याकडून एक संस्कृत सुभाषित पाठ करून घेत. आहार, निद्रा, भय आणि मैथुन या चार गोष्टी माणसात आणि पशूत सारख्याच, धर्म तेवढा माणसाजवळ जास्तीचा, असा त्याचा आशय. हे सुभाषित पशूला हिणवणारे आहे असे समजले जाते. मला तसे दिसत नाही. त्या चार समान गोष्टींत क्रौर्याचे नाव नाही. आणि माणसाजवळ जे जास्तीचे आहे त्यातून धर्म येत असेल, तर अधर्मही तिथूनच येतो. आपल्या परंपरेने तर हे सिद्धान्त म्हणूनच मांडले आहे. पशुयोनी ही भोगयोनी आणि मनुष्ययोनी ही कर्मयोनी. पशू आधीच्या कर्माचे फळ भोगतो, नवे पाप जोडत नाही. वाघाने हरीण मारले तर वाघाच्या खात्यावर काही चढत नाही. हे ज्यांना मान्य आहे, त्यांच्या तोंडी ‘पाशवी पाप’ हे शब्द शोभत नाहीत, कारण शास्त्राप्रमाणे तशी वस्तूच अस्तित्वात नाही.

जैनांची मांडणी वेगळी आहे, आणि ती मला अधिक धाडसी वाटते. वेरूळच्या तिसाव्या ते चौतिसाव्या लेण्यांत ज्या परंपरेचे तीर्थंकर ध्यानस्थ आहेत, ती पशूला नीतीच्या बाहेर ठेवत नाही. मन असलेला पंचेंद्रिय तिर्यंच जीव सम्यक दर्शनापर्यंत पोहोचू शकतो, काही व्रतेही पाळू शकतो. महावीरांच्या पूर्वजन्मांपैकी एक सिंहाचा. त्या सिंहाने मुनींचा उपदेश ऐकला आणि हिंसा सोडली, अशी कथा आहे. म्हणजे पशूला जबाबदारी दिली, आणि तिच्याबरोबर वर चढायची वाटही दिली. आपण पशूच्या माथी नुसते खापर फोडतो.

‘पशू’ या शब्दाचा सर्वांत खोल अर्थ मला वेरूळलाच, एकोणतिसाव्या लेण्यात कळला. त्याला धुमार लेणे म्हणतात. तिथे योगासनात बसलेला शिव आहे. अभ्यासक त्याला लकुलीश म्हणून ओळखतात. लकुलीश हा पाशुपत पंथाचा गुरू. त्या शैव विचारात पती म्हणजे शिव, पाश म्हणजे बंधन आणि पशू म्हणजे बांधलेला जीव. दाव्याला बांधलेली गाय पशू आहे, आणि लेण्यासाठी दान देणारा राजाही पशू आहे. मीही आहे. पाशुपतसूत्रांत तर साधकाने गाईसारखे किंवा हरणासारखे राहावे असे सांगितले आहे, आणि जुन्या टीकाकारांनी त्याचा अर्थ निमूट सोसणे असा लावला. दीड हजार वर्षांपूर्वी या जिल्ह्याच्या डोंगरात एखाद्या साधकाला कुणी ‘पशू’ म्हटले असते, तर ती त्याच्या साधनेची ओळख ठरली असती. आज तोच शब्द बलात्काऱ्याला लावतात.

अजिंठ्याला गेलात तर सतराव्या लेण्यात घाई करू नका. वाकाटक राजा हरिषेण याच्या काळात, पाचव्या शतकात, ते कोरले आणि रंगवले गेले. मार्गदर्शक खांबांवरच्या सुंदर आकृती दाखवून पुढे नेतात. मी भिंतींवरच्या जनावरांसाठी थांबते. आंधळ्या आईसाठी अन्न सोडून बसलेला हत्ती तिथे आहे. आपल्या टोळीला राजाच्या धनुर्धरांपासून वाचवण्यासाठी स्वतःच्या देहाचा पूल करणारा वानरराज आहे. आणखी एक वानर आहे. तो खोल खड्ड्यात पडलेल्या माणसाला पाठीवर घेऊन वर काढतो, दमून झोपतो, आणि तो माणूस त्याच्या डोक्यात दगड घालतो. जखमी वानर तरीही त्याला जंगलातून बाहेर पडायची वाट दाखवतो. ही कथा रचणाऱ्यांना माणूस आणि पशू यांची वाटणी ठाऊक होती, फक्त त्यांनी दगड कुणाच्या हातात आहे ते लपवले नाही.

छद्दन्त हत्तीची कथा दहाव्या लेण्यातही आहे आणि सतराव्यातही. मत्सराने जळणारी त्याची एक पत्नी पुढच्या जन्मी काशीची राणी होते आणि त्याचे सुळे आणायला शिकारी पाठवते. शिकारी भगवे वस्त्र पांघरून येतो, म्हणून बाण लागल्यावरही हत्ती त्याला मारत नाही. उलट सुळे कापायला स्वतःच मदत करतो. एक गोष्ट इथे सांगायला हवी. २८ एप्रिल १८१९ रोजी वाघाच्या शिकारीला आलेल्या जॉन स्मिथ नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याला ही लेणी दिसली, आणि त्याने आपले नाव कोरले ते याच दहाव्या लेण्याच्या खांबावर.

माझ्या म्हणण्याला अवघड जाणारी कथाही त्याच सतराव्या लेण्यात आहे. सिंहिणीच्या पोटी जन्मलेला सौदास राजा होतो आणि माणसे खाऊ लागतो. म्हणजे प्राचीनांनीही दोष सिंहिणीच्या रक्ताला दिला का? मी या चित्रापाशी बराच विचार केला आहे. मला दिसते ते असे, की सौदासाला नरमांस पुरवले जाते ते राजवाड्याच्या मुदपाकखान्यातून. स्वयंपाकी माणूस, हुकूम पाळणारे माणूस, गप्प बसणारे दरबारीही माणूस. रानातल्या सिंहिणीने माणसांची अशी व्यवस्था कधी लावली नव्हती.

पैठणला आमच्या दवाखान्यात येणारा प्रत्येक शेतकरी ज्ञानेश्वरांच्या रेड्याची गोष्ट सांगायचा. नागघाटावर रेड्याच्या मुखातून वेद वदले गेले. जुन्नर तालुक्यातल्या आळे गावी त्या रेड्याची समाधीही आहे. पण या कथेतला आधीचा भाग लोक पटकन उरकतात. शुद्धिपत्र मागायला आलेल्या भावंडांना धर्मपंडित हिणवतात, की नावात काय आहे, तो पखाल वाहणारा रेडासुद्धा ज्ञानाच. आणि त्या रेड्यावर आसूड पडतो तेव्हा वळ ज्ञानेश्वरांच्या पाठीवर उमटतात. मला हा चमत्कार वेद बोलण्यापेक्षा मोठा वाटतो. रेड्याने वेद म्हटले तेव्हा रेडा माणसाच्या जवळ आला. पाठीवर वळ उमटले तेव्हा माणूस रेड्याच्या जवळ गेला, आणि आत्मा एक आहे या म्हणण्याची खरी कसोटी तिथे लागली. पैठणच्याच एकनाथांनी रामेश्वराला नेत असलेले गंगेचे पाणी वाळवंटात तडफडणाऱ्या गाढवाला पाजले. त्यांना तिथे देव दिसला असे आपण म्हणतो. त्यांना आधी तहान दिसली, हेही म्हणायला हवे.

आणि तरी त्याच तालुक्यात मी काय पाहिले? रेड्याला आमच्याकडे हल्या म्हणतात. म्हशीला वगार झाली तर घरात आनंद, हल्या झाला तर त्याला कासेपासून दूर बांधायचे. दोन-चार दिवस पान्हा सोडवण्यापुरता लावायचा आणि मग तो हळूहळू खंगत जातो. त्याला रोग काही नसतो, उपासमार असते. गोदाकाठच्या एका गावात मी एका म्हाताऱ्या बाईला म्हटले, “आजी, याच्या पोटात काही नाही.” ती म्हणाली, “ताई, दूध डेअरीला घालावं का हल्याला? त्याच्याकडून आता कोण वेद म्हणवून घेणार?” ती दुष्ट नव्हती. दुष्काळात तिने स्वतःची भाकर अर्धी करून म्हशीला चाऱ्याच्या छावणीत सांभाळले होते. दुधाच्या भावाने तिला हा हिशेब शिकवला होता. पण तो हिशेब करणारी माणसाची बुद्धी होती, आणि उपाशी मरणारा पशू होता.

पशूला हीनतेचे माप बनवले की माणसालाही त्या मापाखाली ढकलता येते, हे या देशात घडलेले आहे. महाडच्या चवदार तळ्यावर गुरांना, कुत्र्यांना पाणी पिता येत होते, अस्पृश्य ठरवलेल्या माणसांना नव्हते. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ते पाणी प्यायले, त्यानंतर सनातन्यांनी तळे ‘शुद्ध’ करून घेतले. आणि ते कशाने, तर दूध, दही, शेण, गोमूत्र घातलेल्या घागरींनी. कोणता पशू असे वागतो? हा कारभार पूर्णपणे मानवी होता, ग्रंथांच्या आधाराने चाललेला होता. याच बाबासाहेबांनी १९५० मध्ये औरंगाबादेत नागसेनवनात महाविद्यालय उभे केले, त्याला पुढे मिलिंदाचे नाव मिळाले. प्रश्न विचारणाऱ्या राजाचे ते नाव आहे, आणि हा प्रश्न विचारायला त्याहून योग्य जागा मला सुचत नाही.

वृत्तपत्रात काम करणाऱ्या एका स्नेह्यांशी मी यावर वाद घातला. ते म्हणाले, शब्द रुळला आहे, तो वाचताना कुणाच्या डोळ्यापुढे गाय-म्हैस येत नाही. येत नसेल. पण या शब्दामुळे दुसरीही एक गोष्ट डोळ्यापुढे येत नाही, आणि ती म्हणजे गुन्हेगाराचे घर. ‘पाशवी’ म्हटले की तो आपल्यातला उरत नाही. मग त्याला कुणी वाढवले, कुणी पाठीशी घातले, कोणत्या गप्पांत तो बाईला वस्तू मानायला शिकला, हे विचारायची गरज संपते. संताप जितका मोठा, तितकी आपली सुटका सोपी. धर्माच्या दृष्टीने हा पळ आहे, कारण कर्म ज्याचे त्याला चिकटू देणे हा कर्मविचाराचा पहिला नियम आहे.

म्हणून बातम्या लिहिणाऱ्या तरुण मुलामुलींना माझी विनंती आहे. क्रूर लिहा, निर्दय लिहा. नराधम हा शब्द तर अगदी योग्य, त्यात नर आहे. बहुमताची दांडगाई म्हणा, अर्थ एका कणाने कमी होणार नाही. आणि हे वाचणाऱ्यांपैकी कुणाच्या गोठ्यात म्हैस असेल, तर त्यांनाही सांगते. जन्मल्यापासून तासाभराच्या आत हल्यालाही चीक पाजा, आणि त्यानंतर रोज त्याच्या वजनाच्या दहाव्या भागाइतके दूध त्याच्या पोटात जाऊ द्या. वगारीला जेवढे लागते तेवढेच त्यालाही लागते.