एका हाताचा हिशोब

अपघातानंतर गावात पहिली बैठक बसते ती प्रकरण मिटवण्याची. गाडीवाला ओळखीतलाच निघतो. दवाखान्याचा खर्च तो देणार, वर हातात काही रोख, आणि फिर्याद द्यायची नाही. जखमी माणूस अजून खाटेवर असतो. त्याच्या बायकोने क्लेमचं नाव काढलंच, तर ‘दुखण्याचे पैसे करायला निघाली’ हे तिला ऐकावं लागतं.

माझ्या मते सगळ्यात महागात पडणारा गैरसमज हाच. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणातला हिशोब पगारपत्रकासारखा कोरडा असतो. बक्षिसाचा रकाना त्यात नाही. 2010 च्या राजकुमार विरुद्ध अजयकुमार निकालात सर्वोच्च न्यायालयाने डाव्या हाताचं उदाहरण दिलं आहे. हात गेला तर अपंगत्व साधारण 60 टक्के धरलं जाईल. पण माणूस सुतार असेल तर त्याची कमाई जवळजवळ पूर्ण बुडाली. सरकारी कचेरीतला कारकून असेल तर नोकरी कदाचित टिकेल. डॉक्टरांचा दाखला शरीर मोजतो, न्यायाधिकरणाने मोजायची असते मिळकत.

समजा, सुतार 32 वर्षांचा आहे, महिन्याला 15,000 कमावतो. वर्षाचे झाले 1,80,000. कमाई पुढे वाढली असती म्हणून 2017 च्या प्रणय सेठी निकालाप्रमाणे त्यात 40 टक्के मिळवायचे: 2,52,000. त्याला 2009 च्या सरला वर्मा निकालातल्या तक्त्यातला, या वयाचा 16 हा गुणक लावायचा. पूर्ण कमाई गेली असं धरलं तर 40,32,000. दाखल्यावरच्या 60 टक्क्यांवरच थांबलं तर 24,19,200. सोळा लाखांचा हा फरक एकाच प्रश्नात आहे: एका हाताने रंधा मारणार कसा?

गाडीवाला देशोधडीला लागेल, ही भीतीही बहुतेक वेळा पोकळ. थर्ड पार्टी विमा सक्तीचा आहे, पैसे सहसा विमा कंपनी भरते. (विमा संपलेला असेल तर गोष्ट वेगळी.) ड्रायव्हर फौजदारी खटल्यातून सुटला म्हणून दावा बुडत नाही, कारण इथे पारडं कुठे झुकतं एवढंच पाहतात. थोडी चूक आपलीही असेल, तर तेवढ्या प्रमाणात रक्कम कापली जाते.

आणि घरातल्या बाईला पगार कुठला, तिची कसली भरपाई? जमशेदपूरच्या आगीच्या प्रकरणात, लता वाधवा निकालात, सर्वोच्च न्यायालयाने 2001 सालीच 34 ते 59 वयाच्या गृहिणीच्या कामाची किंमत महिना 3,000 धरली होती. रक्कम तुटपुंजी खरी, पण ‘काहीच कमवत नव्हती’ हे उत्तर तेव्हापासून चालत नाही.

खोटे दावे होतात, हे नाकारण्यात अर्थ नाही. उत्तर प्रदेशात त्यांच्या तपासासाठी विशेष पथक नेमावं लागलं. त्याची लाज त्या सुताराने का बाळगावी, हे मात्र मला कळलेलं नाही.

दावा सहा महिन्यांत दाखल करण्याची अट 1994 मध्ये काढली होती. 1 एप्रिल 2022 पासून ती परत आली आहे. आपण राहतो तिथल्या न्यायाधिकरणातही दावा करता येतो. तेव्हा मिटवामिटवीच्या कागदावर सही करण्याआधी डिस्चार्ज कार्ड, औषधांची बिलं आणि पंचनाम्याची नक्कल एका पिशवीत घाला, आणि ती पिशवी आधी वकिलाला दाखवा.