विश्वाचा विस्तार आणि विद्यार्थी

कावेरीतीरावरील पंचनदक्षेत्र तिरुवैयारु येथील राजांचे महाविद्यालय संस्कृत व तमिळ विद्यांसाठी नावाजले. शाळेची पायरी न चढलेला, केवळ गुरुगृही पाठ घेतलेला मुलगा अशा महाविद्यालयात येतो आणि ऐकतो की, देवयानी दीर्घिकेचा प्रकाश येथवर पोहोचण्यास सुमारे २५ लक्ष वर्षे लागतात. तो गोंधळतो : ‘एवढ्या विश्वात मी कोण? माझे पाठांतर ते काय?’

विश्वरूप पाहून अर्जुनही भ्यालाच होता. भगवंतांनी त्यास सौम्य रूप दाखवून धीर दिला.

विश्व अफाट खरे. परंतु ते जाणणारा क्षेत्रज्ञ याच देहात वसतो. म्हणून गृहस्थांनी अशा मुलास हिणवू नये, धीर द्यावा. जिज्ञासा हाच त्याचा खरा अधिकार होय.