उद्या या!

बँकेतल्या नोकरीचा एक मोठा गुण असा, की तिथे हिशेब लागल्याशिवाय दिवस संपत नाही. बाहेर रात्रीचे नऊ वाजोत, चंद्र उगवो, शेवटची एसटी निघून जावो; कॅशमध्ये शंभराचा फरक असला की आमच्या शाखेपुरती तारीख जागच्या जागी खिळते. मग सगळे जण त्याच नोटा पुन्हा मोजतात, त्याच पावत्या पुन्हा चाळतात आणि एकमेकांकडे त्याच संशयानं पुन्हा पाहतात. अखेर कोणीतरी "सापडला!" म्हणून ओरडतो (फरक हो, चोर नव्हे!) आणि मग कुठे तो दिवस बंद होतो.

त्यामुळे नायक एकाच दिवसात अडकून पडतो आणि रोज सकाळी उठून तोच दिवस जगतो, असे जे प्रेमपट निघतात, त्यांचं इतरांना वाटतं तेवढं नवल मला वाटत नाही. आम्ही तेच करतो. फरक इतकाच, की आमच्यापुढे नायिका नसते, शाखाधिकारी असतात.

२०२५ साली 'भूल चूक माफ' नावाचा हिंदी सिनेमा आला. तो आम्ही उभयतांनी घरी टीव्हीवर पाहिला. बनारसचा एक तरुण. सरकारी नोकरी असेल तरच मुलगी देईन, असा सासऱ्याचा हट्ट. (या सासऱ्याबद्दल मला आदर वाटला. माझ्या सासऱ्यांनी बँकेवर भागवलं होतं.) तरुण पैसे चारून नोकरी मिळवतो. शिवाय नोकरी लागली तर एक सत्कृत्य करीन, असा शंकराला नवस बोललेला असतो, तो सोयीस्कर विसरतो. एकोणतीस तारखेला हळद लागते, तीसला लग्न. दुसऱ्या दिवशी उठून पाहतो तर पुन्हा एकोणतीस! पुन्हा हळद! लग्न काही उजाडत नाही.

मध्येच सौ.ला डुलकी लागली. वीस मिनिटांनी जागी होऊन तिनं विचारलं, "काय झालं हो?"

"तेच."

"मग बरं," असं म्हणून ती पुन्हा झोपली.

माझ्या मनात मात्र आमच्या जिल्ह्यातला नवरदेव आला. समर्थ रामदास आमच्या घनसावंगी तालुक्यातल्या जांबचे. १६०८ चा जन्म. बाराव्या वर्षी बोहल्यावर उभं केलं, भटजींनी 'सावधान' म्हटलं आणि ते ऐकून हा मुलगा मांडवातून जो निघाला तो निघालाच, असं आमच्याकडे लहानपणापासून सांगतात. ज्याला एकदा सांगून कळतं, तो समर्थ. ज्याला तीच तारीख शंभरदा दाखवावी लागते, तो सिनेमाचा नायक. आणि ज्याला तेवढ्यानंही कळत नाही, तो काउंटरवरचा मी. पण त्याकडे नंतर येतो.

या घराण्यातला कर्ता पुरुष म्हणजे १९९३ सालचा इंग्रजी 'ग्राउंडहॉग डे'. पेनसिल्व्हेनिया प्रांतातलं पंक्सुटॉनी नावाचं लहानसं गाव, दोन फेब्रुवारीची तारीख आणि त्या तारखेत अडकलेला टीव्हीवरचा एक तुसडा हवामानवाला. नायिका त्याच्याच चमूतली. दिवस परत येतो हे कळल्यावर हा गृहस्थ काय करतो? तिला आज विचारतो, तुला प्यायला काय आवडतं, कॉलेजात काय शिकलीस? ती सरळ मनानं सांगते. दुसऱ्या दिवशी, म्हणजे त्याच दिवशी, तो तेच पेय आपणहून मागवतो, तिच्या आवडीची फ्रेंच कविता पाठ करून येतो. ती थक्क! दोन जिवांच्या आवडी इतक्या जुळाव्यात!

इथे माझ्यातला बी. कॉम. जागा झाला. वाचकहो, हा शुद्ध हिशेबी घोटाळा आहे. त्याच्या वहीत रोज नोंदी पडताहेत. तिच्या वहीत रोज सकाळी आरंभीची शिल्लक शून्य. त्याला तिचं सगळं माहीत, तिला तो कालपर्यंत होता तेवढाच माहीत. दुहेरी नोंद पद्धतीत एकाच वहीत नोंद करून दुसरी कोरी ठेवली तर त्याला प्रेम म्हणत नाहीत, अफरातफर म्हणतात. सिनेमा काढणाऱ्यांनाही ते ठाऊक असावं, कारण ती बाई रोज रात्री त्याच्या थोबाडीत मारते. तिला काही आठवत नसतं, पण हात बरोबर पडतो. पुढे तो तिला मिळवायचं सोडून देतो, पियानो शिकतो, गावातल्या लोकांच्या उपयोगी पडतो, तेव्हा कुठे तीन फेब्रुवारी उजाडते. 'भूल चूक माफ'मधला नायकही लाच देऊन मिळवलेली नोकरी तिच्या खऱ्या हक्कदारासाठी सोडतो, तेव्हाच त्याची तीस तारीख येते. थोडक्यात, परमेश्वर हा आमच्या हेडकॅशियरसारखा आहे. टॅली लागल्याशिवाय पुढची तारीख देत नाही.

त्यावरून मी एक सिद्धांत काढला. आठवण ज्याच्याकडे, सत्ता त्याच्याकडे. म्हणून सुधारण्याची जबाबदारीही त्याच्याकडे. ज्याला काही आठवतच नाही, तो बिचारा निर्दोष. हा सिद्धांत मी रोजच्या एसटीत शेजारच्या मास्तरांना ऐकवला. मी जालन्याहून अंबडला अपडाऊन करतो. तीच बस, तीच खिडकी, तीच लांबून दिसणारी मत्स्योदरीची टेकडी आणि तेच मास्तर. मास्तर म्हणाले, "नीत्शे नावाच्या जर्मन तत्त्वज्ञानं १८८२ सालीच विचारून ठेवलंय, की हेच आयुष्य असंच्या असं अनंत वेळा जगायला मिळालं तर तू आनंदानं हो म्हणशील की कपाळ बडवशील?" मी म्हणालो, "त्याला काय जातंय विचारायला? त्यानं अपडाऊन केलं असतं तर असले प्रश्न सुचले नसते." बस हसली. म्हणजे मास्तर आणि मी हसलो. बाकीचे झोपले होते.

असा माझा सिद्धांत सुखानं नांदत असताना कापूस वेचणीच्या दिवसांत काउंटरवर एक आजी आल्या. सोबत सून. आजींना निराधारांचे महिन्याला पंधराशे रुपये मिळतात. गावाकडे त्याला 'पगार' म्हणतात. मी नेहमीच्या सुरात म्हणालो, "हं, काय काम आहे?"

आजींनी काउंटरच्या कडेला दोन्ही हात टेकवले आणि म्हणाल्या, "सायेब, तुमी इचारताल काय काम हाय, हे म्या सुनंला बाहेरच सांगितलं. आता तुमी म्हनताल, मशिनीवर आंगठा ठिवा. माझा आंगठा उठत न्हाई. मग म्हनताल, आधारची झेरॉक्स आना. ही घ्या झेरॉक्स. मग तुमी त्या खुर्चीकडं बघताल आन् म्हनताल, सायेब न्हाईत, उद्या या."

मी नकळत खुर्चीकडे पाहिलं. खुर्ची रिकामी होती.

"बघितलं का?" आजी सुनेला म्हणाल्या.

रांगेतले लोक हसले. मी हसू शकलो नाही, कारण मला काहीच आठवत नव्हतं. "याआधी कधी आला होतात?" मी विचारलं. सून हळूच म्हणाली, "आजचा चौथा दिवस हाय, सर." तीन दिवस त्या माझ्यासमोर उभ्या राहिल्या होत्या, आणि तिन्ही दिवस मी त्यांना पहिल्यांदाच पाहिलं होतं.

म्हणजे बघा, एकाच दिवसात अडकलेल्या त्या होत्या! माझी वाक्यं त्यांना पाठ, माझ्या माना वळवण्याच्या वेळाही पाठ. आणि रोज सकाळी कोरी पाटी घेऊन बसणारी ती विस्मरणशील नायिका म्हणजे अस्मादिक. त्यातून माझ्या सिद्धांताचे तर तीनतेराच वाजले. आठवण त्यांच्याकडे होती, पण सत्ता माझ्याकडे होती. खुर्ची विसरणाऱ्याची होती आणि पाय आठवणाऱ्याचे दुखत होते. बरं, तो दिवस परत आणत कोण होतं? काळाचं चक्र नाही, शंकराचा नवस नाही. 'उद्या या' हे माझे दोन शब्द. गावोगावच्या माणसांना आम्ही खिडकीमागून हा सिनेमा रोज फुकट दाखवत असतो.

फुकटही म्हणवत नाही. शेजारचा सहकारी मला धीर देण्यासाठी कानात म्हणाला, "पंचाहत्तरीच्या पुढे एसटी माफ आहे हो त्यांना, २०२२ पासून." खरं आहे, तिकीट माफ होतं. पण दिवस माफ नव्हता. सुनेची चार दिवसांची वेचणीची मजुरी बुडाली होती, आणि ती कुठल्याच वहीत दिसत नव्हती.

मी उठलो. साहेब चहाच्या टपरीवर सापडले. आधारचं मशीन ऐकत नसेल तर पैसे काढायच्या स्लिपवर शाईचा अंगठा घेऊन, ओळख पटवून, साक्षीची सही करून पैसे देता येतात, हे मला नोकरीला लागलो तेव्हापासून माहीत आहे. शेतात झिजलेल्या बोटांच्या रेषा मशीनला दिसत नाहीत, हेही माहीत आहे. सगळं काम दहा मिनिटांत झालं. चार दिवस आणि दहा मिनिटं, हा फरक काही टॅली होईना.

आजींनी नोटा दोनदा मोजून कमरेच्या पिशवीत ठेवल्या. चार पावलं जाऊन परत आल्या. मला वाटलं, रागावतील. त्या म्हणाल्या, "सायेब, मंग उद्या यायचं न्हाई ना?"

"नाही, आजी. उद्या नाही."

'ग्राउंडहॉग डे'मध्ये एक म्हातारा भिकारी आहे. तो नायक सगळं गाव सुधारतो, पण तो म्हातारा त्या रात्री मरतोच. नायक त्याला गरम सूप पाजतो, दवाखान्यात नेतो. दिवस हवे तितके हाताशी आहेत, तरी ते एक खातं काही जुळत नाही. घरी पाहताना तो प्रसंग मला पाल्हाळ वाटला होता. आता वाटतं, सिनेमाचं मर्म तिथेच आहे. 'उद्या' हा माल नायकाकडे अमाप असतो. सत्तरी-पंचाहत्तरीच्या माणसाकडे तो मोजकाच असतो, आणि आम्ही त्याला तोच खर्च करायला सांगतो. शिवाय आमचा दिवस काही परत येत नाही. कॅश टॅली झाली की तारीख बदलते; बाकीचं टॅली झालं की नाही, हे संगणक विचारत नाही. माणसांशी केलेल्या वागण्यातला फरक आम्ही सस्पेन्स खात्याला टाकतो आणि शेवटची बस गाठतो.

त्या दिवशीही गाठली. बसमध्ये मास्तर होते, पण मी सिद्धांत काढला नाही. खिडकीशी बसून निराळीच नोंद तपासत होतो. आमच्या लग्नाला एकोणीस वर्षं झाली. सकाळी निघताना सौ. म्हणते, "येताना कोथिंबीर आणा." संध्याकाळी दारात विचारते, "आणली?" मी म्हणतो, "अरेच्चा! उद्या आणतो." याला मी आजवर संसारातला गोडवा समजत होतो. आता प्रश्न पडला, की यातही तारखेत अडकलेलं कोण आहे? कोणाची वही भरत चालली आहे, आणि कोणाची रोज सकाळी कोरी? प्रेमात तोच दिवस पुन्हा मिळाला तर माणूस काय काय करील, यावर सिनेमे निघतात. माझ्या मते प्रेमात काल लक्षात ठेवला तरी पुरे. रोजची शून्य शिल्लक ही निरागसता नव्हे. ती नोंद करायचा कंटाळा आहे.

जालन्याला उतरलो तो थेट मंडईत गेलो. एक चांगली हिरवीगार जुडी घेतली, घरी येऊन ऐटीत ओट्यावर ठेवली आणि टाळ्यांची वाट पाहत उभा राहिलो.

सौ.नं जुडीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, कपाळाला हात लावून ताप नाही ना याची खात्री केली. मग फ्रीज उघडला. आत दुसरी जुडी होती.

"तुम्ही विसरताल म्हणून मी आणून ठेवली होती," ती म्हणाली. "रोजच ठेवते."

एकोणीस वर्षांत आमच्या घरी पहिल्यांदाच दोन्ही वह्यांत नोंद पडली. दुसऱ्या दिवशी डब्यात कोथिंबिरीच्या वड्या होत्या, तिसऱ्या दिवशीही वड्याच. तोच तो दिवस पुन्हा आला म्हणून मी तक्रार केली नाही.